शेडमधला खर्ज

७ जानेवारी

ती. ताई,
सा. न. वि. वि.

पत्राला उशीर झाला म्हणून तू रागावली आहेस, हे भावोजींनी तुझ्या पत्राच्या कोपऱ्यात बारीक अक्षरात कळवलंय. त्यांना सांग, चुगलीबद्दल आभारी आहे. पण हे पत्र वाचलंस की राग जाईल. सिनेमा मिळाला. माझा, एकट्याचा. पार्श्वसंगीत माझं आणि सगळ्या आवाजांची जुळणीही माझीच. इतकी वर्षं दुसऱ्यांच्या चालींना ठिगळं लावली, त्यांचे घसरलेले सूर जागेवर बसवले, आणि पडद्यावर माझं नाव यायचं तेव्हा ते साहाय्यकांच्या गर्दीत शेवटच्या रांगेत उभं असायचं. लोक तोवर चपला शोधत असायचे. या वेळी ते एकटं येणार आहे.

दिग्दर्शकांना युनिटमधले सगळे 'सरकार' म्हणतात, तोंडावर आणि पाठीमागेही. गोष्ट एका बंद पडलेल्या कारखान्याची आहे, पुराच्या पाण्यात आत अडकलेल्या कामगारांची. शूटिंग खऱ्याच एका जुन्या शेडमध्ये चाललंय, शहराच्या कडेला. नळ्यांनी पाऊस पाडतात आणि पुरुषभर उंचीचे पंखे लावून वादळ करतात. तुझी चिमणी तिथे कपड्यांच्या विभागात रुजू झाली. शिफारस तिच्या मामाची असली तरी टाके तिचेच आहेत, असं तिच्या मुख्य शिंप्यानं मला ऐकवलं.

मी स्टुडिओत असतो. शेडमधला आवाज भरून घेतो आपला पहिलवान. तुला आठवत असेल, आपल्या घरी राहिला होता आणि पंखा लावला तर उडून जाईल असं तू म्हणाली होतीस, तो. अजून तसाच आहे. त्याच्या टेपा रोज माझ्याकडे येतात. आणि ताई, त्या टेपांमध्ये मला एक चीज सापडली. पंखे सुरू झाले की संवादांच्या खाली, अगदी तळाशी, शेड स्वतःच एक खर्ज लावते. कुणी म्हातारा दाराआड बसून दम लागेपर्यंत आ लावतो आहे, तसा. पहिलवानाला तो कटकट वाटतो. मला मात्र तो ऐकल्या ऐकल्या अंगावर काटा आला. मी सगळ्या सिनेमाची धून त्या एका सुरावर उभी केली आहे. चेलोवाले आधी त्या शेडचा सूर ऐकतात आणि मग आपल्या तारा त्याला मिळवतात. अप्पा असते तर वाद्यदुरुस्तीचं दुकान बंद करून ऐकायला आले असते.

तू येऊन ऐकशील तेव्हा खरं. तोवर माया अशीच असू दे.

तुझा,
कानोबा

२० जानेवारी

चि. कानोबास,
अनेक आशीर्वाद.

पत्र वॉर्डात मिळालं. दोन बाळंतिणींच्या मधल्या खाटेवर बसून वाचलं आणि एवढी हसले की त्यातल्या एकीच्या टाक्यांना त्रास झाला. तिलाही वाचून दाखवलं. माझा भाऊ सिनेमाला संगीत देतो म्हटल्यावर तिनं मुलाचं नाव तुझ्यावरून ठेवायचं म्हटलं. मी तुझं खरं नाव सांगितलं तेव्हा तिनं विचार बदलला.

इकडचं सांगायचं तर तुझ्या भावोजींनी बुद्धिबळाचा डाव शेजाऱ्याशी मांडला आहे आणि दोघांचं बोलणं बंद आहे. सोंगट्या मात्र हलतात. माझे गुडघे रात्रपाळी नको म्हणतात, पण परिचारिकांची कमतरता आहे, गुडघ्यांना कोण विचारतो.

चिमणीचं पत्र आलं. खूश आहे. पण तिच्या पत्रातलं एक वाक्य मला खटकलं, ते तुला कळवते. ती लिहिते, रोज सकाळी आधी कपडे झटकावे लागतात, कारण रात्रीतून वरून चुन्याचा भुगा पडून काळे कोट पांढरे झालेले असतात. सुरुवातीला नव्हतं, आता रोजच असतं. तिला त्यात गंमत वाटते, म्हणते आई, आमच्याकडे घरातच बर्फ पडतो. शिवाय दिवसभर ओल्या कपड्यांत वावरून तिला खोकला झालाय. मामा म्हणून तुझं काम काय, तर तिला कोरडं ठेवणं. एकदा जाऊन ये. नुसता कान लावून बसू नकोस, डोळेही ने.

मुख्य गोष्ट राहिलीच. अभिमान वाटतो रे. अप्पांना सांगायला हवं होतं, एवढंच.

तुझी,
ताई

११ फेब्रुवारी

ती. ताई,
सा. न.

धून भरून झाली. सरकार मागच्या बाकावर बसून ऐकत होते. संपल्यावर चष्मा काढून बराच वेळ पुसत राहिले आणि मग एवढंच म्हणाले की आता मला सिनेमा दिसला. त्या दिवशी मी घरी चालत आलो. बसमध्ये बसून राहणं जमलं नसतं.

पण त्यानंतर एक विचित्र प्रकार झालाय. नव्या टेपा आल्या, त्यांवर मी धून ठेवून पाहिली आणि ती बेसूर निघाली. फार नाही, पण जेवताना दाताखाली खडा यावा एवढी. मला वाटलं मशीन हळू चालतंय. तंत्रज्ञाला बोलावलं, त्यानं मशीन उघडून पुसून परत लावलं आणि माझ्याकडे असं पाहिलं की मी दोन दिवस त्याची नजर टाळली. मग पहिलवानावर गेलो. प्रत्येक टेपेच्या सुरुवातीला तो मशीनमधून एक ठरलेली शिट्टी भरून ठेवतो, पुढे टेप कमी-जास्त वेगानं वाजली तर ती लगेच कळावी म्हणून. ती शिट्टी जिथल्या तिथे आहे. नटांचे आवाजही तसेच आहेत. उतरलाय फक्त शेडचा सूर.

पुढच्या आठवड्याच्या टेपा आल्या, तो आणखी उतरला. मी सगळ्या टेपा तारखेनं लावून एकापाठोपाठ ऐकल्या. कुणी जिना उतरत जावं आणि खाली काय आहे ते दिसू नये, तसं वाटलं. पहिलवान हसला. म्हणाला, म्हाताऱ्याचा घसा बसला असेल, एवढा पाऊस पाडतोय आपण. सरकारांना सांगितलं तर ते म्हणाले, संवादांखालून तो आवाज पुसून टाक आणि तुझा पहिला, चांगला सूर सगळीकडे लाव. मी पुसतोय. पुसण्यात माझा हात धरणारा कोणी नाही, हे तुला माहीतच आहे. पण पुसताना बरं वाटत नाही.

चिमणीला गरम टोपी आणि खोकल्याचं औषध पोचवलं. टोपी तिनं एका म्हाताऱ्या नटाला देऊन टाकली.

कानोबा

१८ फेब्रुवारी

चि. कानोबास आशीर्वाद.

तुझं पत्र मी दोनदा वाचलं. तू सगळं लिहिलंस, पण तो सूर काढतं कोण, हे लिहिलं नाहीस. बहुतेक तू विचारलंच नाहीस.

अप्पांच्या दुकानात कुणी उतरलेलं वाद्य घेऊन आलं की ते तारेला हातसुद्धा लावत नसत. आधी खुंटी बघायचे. तार बिचारी आपणहून ढिली होत नाही म्हणायचे, तिला धरणारं कुणीतरी सोडतंय. तू त्या शेडमध्ये जा आणि कोण सोडतंय ते बघ.

मला यंत्रांतलं कळत नाही. पण आयुष्यभर मी पोटाला नळी लावून न जन्मलेल्यांचे ठोके ऐकत आले. एक ठोका मंद लागला तर आम्ही वाट बघतो. पुन्हा ऐकला आणि त्याहून मंद लागला, तिसऱ्यांदा आणखी मंद, तर मग आम्ही डॉक्टरांचं जेवण अर्धवट सोडायला लावतो. तुझ्याकडे तसे किती आठवडे झाले?

आणि चिमणीला तिथून काढ. कसंही कर, काहीही कारण सांग. आज मला दुसरं काही लिहायला सुचत नाही.

ताई

१ मार्च

ती. ताई,
सा. न. वि. वि.

गेलो होतो. तुझं पत्र खिशात होतं.

शेड मोठी आहे, छप्पर उंच. दोन लांब भिंती आणि त्यांच्या मधून, डोक्यावर, या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत ताणलेल्या लोखंडी सळया. मनगटाएवढ्या जाड. भिंती बाहेर कलू नयेत म्हणून त्या बांधणाऱ्यांनी घातलेल्या आहेत. पंख्यांचा वारा लागला की त्याच गातात. मी शिडी लावून वर चढलो आणि मधल्या सळईवर तळहात ठेवला. ती थरथरत होती, पण आपल्या दुकानातल्या ढिल्या तारेसारखी, मिळमिळीत. कलाविभागानं तिला दिवे टांगलेत. मग शिडी घेऊन भिंतीच्या बाहेरच्या बाजूला गेलो. सळईचं टोक जिथे लोखंडी ताटलीनं भिंतीत पकडलेलं आहे तिथली वीट मी नखानं उकरली. ओल्या बिस्किटासारखी आली. दोन महिने आपण त्या भिंतीवर पाऊस पाडतोय, ताई. धरणारी भिंतच सोडते आहे.

सरकारांशी बोललो. त्यांनी नीट ऐकून घेतलं, हे खोटं सांगणार नाही. एक इंजिनिअरही बोलावला. तो आला, खालूनच वर पाहिलं, बुटाच्या टोकानं भिंत ठोकली आणि म्हणाला की ही इतकी वर्षं उभी आहे, तुमच्या सिनेमापुरती राहील. कागदावर सही करून चहा पिऊन गेला. मी म्हटलं, यांनी ऐकलं कुठे? तेव्हा सरकारांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. म्हणाले, "तू कलावंत आहेस. तुला भिंतीतही शोकांतिका ऐकू येते. ती मला संगीतात दे, इथे नको." बाकीचे हसले. मीही थोडं हसलो. त्याची नंतर लाज वाटली.

पुढे मोठं दृश्य आहे. पूर आत शिरतो आणि सगळे कामगार शेडमध्ये अडकतात, ते. त्यासाठी गावोगावहून गर्दी आणणार आहेत, बायका-मुलं धरून. सगळे पंखे आणि सगळ्या नळ्या एकदम.

चिमणीला मी काढलं. स्टुडिओत टेपांवर चिठ्ठ्या लावायला माणूस हवा असं खोटंच सांगून तिला माझ्याकडे मागून घेतली. आता ती शेजारच्या खोलीत बसली आहे आणि कंटाळलेली आहे. तुझी काळजी मिटली. माझी का मिटत नाही, ते कळत नाही.

तुझा,
कानोबा

६ मार्च

ती. आईस,
शि. सा. न.

मामाला माझ्याबद्दल काय लिहिलंस ते मला कळलंय. त्याचं पत्र चोरून वाचलं नाही, घाबरू नकोस. मीच विचारत सुटले की चिठ्ठ्या लावून झाल्या तरी मला परत का पाठवत नाहीस, तेव्हा त्यानं मला खुर्चीत बसवलं, कानांवर हेडफोन चढवले आणि जानेवारीपासूनच्या टेपा ओळीनं ऐकवल्या. मला संगीतातलं ओ का ठो कळत नाही, पण ते कळलं.

आई, मला तुझा राग आला. आमच्या मुख्य शिंप्याला दोन लहान मुली आहेत. इस्त्रीवाल्या मावशी जेवायला शेडमध्येच बसतात, कारण तिथे ऊन लागत नाही. त्यांच्या आयांनी मामाला पत्र लिहिलं नाही, म्हणून त्या तिथेच राहिल्या. मी मामालाही हेच म्हटलं.

म्हणून मी परत गेले. भिऊ नकोस, शेडमध्ये पाऊल टाकत नाही. आमच्या शिंप्याला सगळं सांगितलं, आणि त्यानं गुपचूप शिलाईची मशिनं आणि कपड्यांचे रॅक बाहेर तंबूत हलवले, ओल येते म्हणून. इस्त्रीही बाहेर आली. पहिलवानकाका आधी मला चिडवायचे. आता जेवतानाही त्यांच्या कानांना हेडफोन असतात. मी विचारलं तर म्हणाले, तुझ्या मामानं डोक्यात किडा सोडलाय, आता तो आवाज ऐकल्याशिवाय घास उतरत नाही. मी म्हटलं मग आत बसता कशाला? तर म्हणाले, बाहेर बसून तो ऐकू येत नाही.

गर्दीचं दृश्य मंगळवारी आहे. बाबांना यातलं काही सांगू नकोस, ते डाव हरतील.

तुझी,
चिमणी

९ मार्च

चि. कानोबा,

पोरगी बरोबर बोलली. मी आई म्हणून लिहिलं होतं, वॉर्डात मात्र मी कधीही एकाच खाटेपुरतं पाहत नाही. मंगळवारी तू तिथे जा. सरकारांशी नको, त्या लोकांशी बोल. सिनेमा जाईल, हे मला कळतं. तो तुला परत मिळवून देणं माझ्या हातात नाही. तू जाशील हेही मला माहीत आहे, पण कुणीतरी सांगितलेलं बरं असतं, म्हणून सांगते.

जेवून जा.

ताई

१६ मार्च

ती. ताई,
सा. न. वि. वि.

जेवून गेलो होतो.

फाटकाबाहेर माणसं बसली होती. फाटके कपडे घातलेली, तोंडाला काजळी फासलेली, मुलं मात्र नवे कपडे मिळाल्यासारखी खूश. मी पहिलवानाचं मशीन घेतलं, त्याला मोठे कर्णे जोडले आणि पहिल्या आठवड्याचा सूर वाजवला. मग कालचा. मग सांगितलं, की हे छप्पर ज्यांनी धरलंय त्या सळयांचा हा आवाज आहे, आणि तो रोज उतरतोय. भाषण असं मी केलं नाही. मला करता येत नाही. एक बाई उठली, तिनं पोराचं बखोट धरलं आणि चालू लागली. तिच्यामागे बरेच गेले. बरेच थांबलेही. त्यांना मी दोष देत नाही, ते कामाला आले होते.

सरकार ओरडले नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं. ते सगळ्यांसमोर एकटे शेडमध्ये गेले, मधोमध खुर्ची टाकून बसले आणि पंखे लावायला सांगितले. पाणी सोडायला सांगितलं. भिजत बसून राहिले. काही झालं नाही. मग उठून बाहेर आले आणि मला म्हणाले, "आता तू घरी जा." राहिलेली माणसं आत गेली. दृश्य झालं, संध्याकाळपर्यंत झालं. मी रस्त्याच्या पलीकडे उभा राहून ऐकत होतो. एक वीटही पडली नाही.

तर आता मी बाहेर आहे. संगीत दुसऱ्याला दिलं. माझी धून राहणार आहे की जाणार, कळवलेलं नाही. स्टुडिओंमध्ये मला 'भिंतीचा वैद्य' म्हणतात. काल एका निर्मात्यानं दारातच विचारलं, की आमच्या ऑफिसची नाडी बघणार का. पहिलवान येऊन बसला होता, बराच वेळ. मी त्याला म्हटलं, तूही सोड. तो म्हणाला, तू आता बाहेर आहेस, आत कुणीतरी ऐकणारं पाहिजे. मी म्हटलं, मी चुकलो असेन कदाचित. ताई, त्या क्षणी मला खरंच वाटत होतं की चुकलो असावं. बरं होईल, असं वाटत होतं. तेव्हा तो म्हणाला, कालच्या टेपेत तो आणखी खाली होता.

मी ठीक आहे. येऊन जाईन म्हणतो.

कानोबा

२ एप्रिल

ती. आई-बाबांस,
शि. सा. न.

तार मिळाली असेलच, मी सुखरूप आहे. मामाही. तो लिहू शकत नाही म्हणून मी लिहिते. जसं झालं तसं सांगते.

त्या दिवशी गर्दी नव्हती. नायक एकटा पाण्यात उभा राहतो एवढाच शॉट होता, दुपारी. आम्ही तंबूत होतो. पंखे चालू होते. आत जे होते त्यांनी मला सांगितलं, की शॉट चालू असताना पहिलवानकाका कोपऱ्यातून उठले, हेडफोन काढून खाली ठेवले आणि मोठ्यानं म्हणाले, "बाहेर व्हा. सगळे बाहेर. सरकार, तुम्ही पण." चालू शॉटमध्ये आवाजवाला बोलला असं आजवर कधी झालं नव्हतं. सरकारांनी त्यांच्याकडे नुसतं पाहिलं, आणि काय दिसलं कोण जाणे, नायकाचा हात धरून चालू लागले. सगळे पळाले. आम्हाला तंबूतून माणसं बाहेर येताना दिसली, ओली, चप्पल नसलेली. कॅमेरा तसाच राहिला.

पंखा चालवणारा वर माळ्यावर होता. पंख्याच्या घरघरीत त्याला काही ऐकू आलं नाही. पहिलवानकाका दारापर्यंत आले होते, आई. मी त्यांना पाहिलं. त्यांनी मोजल्यासारखं सगळ्यांकडे पाहिलं आणि परत आत गेले. नंतर पंख्यांचा आवाज बंद झाला. पंखेवाला धावत बाहेर आला. मग मागची लांब भिंत कुणी थकून बसावं तशी हळू बाहेर झुकली, आणि छप्पर खाली आलं. धूळ नव्हती. सगळं ओलं होतं ना.

काका दारापासून फार लांब नव्हते, असं त्यांना ढिगाऱ्यातून काढणाऱ्यांनी सांगितलं.

सरकार अजून तिथेच फाटकाशी बसून असतात. कुणी उठवलं तर उठतात, आणि परत येऊन बसतात.

मी घरी येते आहे. मला खूप झोप काढायची आहे.

चिमणी

२९ एप्रिल

ती. ताई,
सा. न. वि. वि.

तुझी पत्रं मिळाली, भावोजींचंही. त्यांनी सगळं पत्रभर फक्त बुद्धिबळाबद्दल लिहिलं, त्यांना सांग की ते फार बरं वाटलं.

चौकशीसाठी मला बोलावलं होतं. मशीन ढिगाऱ्यात सापडलं, टेप शाबूत होती, आणि ती मी ऐकावी, त्यातलं काय कशाचा आवाज आहे ते सांगावं, असं त्यांचं म्हणणं होतं. ऐकली. सांगितलं. इंजिनिअर शेजारच्या खुर्चीत बसला होता, त्याचा चेहरा मी पाहिला नाही. निर्मात्याचा माणूस बाहेर थांबला होता. त्यानं मला बाजूला घेऊन सांगितलं, की सिनेमा सेटवर पुरा करणार आहेत, संगीत पुन्हा माझ्याकडे येईल, नाव मोठं येईल. फक्त त्या टेपेवरचा शेवटचा आवाज शेवटच्या दृश्याला हवा आहे. असा आवाज तयार करता येत नाही म्हणाला. मी त्याला म्हटलं, माझी धूनही काढून टाका. तो समजला नाही. मी समजावलं नाही.

पहिलवानाच्या आईनं निरोप धाडला होता की तिला टेप ऐकायची आहे. अधिकाऱ्यांनी नक्कल करू दिली. काल घेऊन गेलो. एका खोलीचं घर आहे, स्वच्छ, खिडकीत त्याचे मोजे अजून वाळत होते, कुणी काढले नव्हते. मी ठरवून गेलो होतो की सुरुवातच ऐकवायची आणि बंद करायचं. सुरुवातीला ती शिट्टी आहे. मग तो शॉटचा नंबर सांगतो, खाकरतो, आणि कुणाला तरी म्हणतो की खुर्ची वाजवू नकोस रे, राजा. म्हातारी हसली. म्हणाली, परत लाव. मी परत लावलं. असं पुष्कळदा झालं. त्याचं खाकरणं आलं की ती दर वेळी मान हलवायची, हो, हो, अशी.

मग म्हणाली, पुढचं लाव. मी म्हटलं, नको आजी. ती म्हणाली, तो लोकांना काय म्हणाला ते सगळे मला सांगतात, पण सांगतात ते प्रत्येकाचं वेगळं असतं. मला त्याच्या तोंडून ऐकायचंय.

लावलं. मी भिंतीकडे तोंड करून उभा राहिलो. पंखे, पाणी, आणि खाली तो खर्ज, इतका खाली गेलेला की सूर म्हणवत नव्हता, नुसता दाब. मग त्याचा आवाज. बाहेर व्हा. पळणारी पावलं. नंतर बराच वेळ नुसते पंखे. मग दुरून, माळ्याकडून, तो पुन्हा ओरडतो, पंखेवाल्याला. उतर, उतर, बंद कर आणि उतर. आणि पंखे थांबतात.

मी बटणाकडे वळलो, तर तिचा हात माझ्याआधी तिथे पोचला होता. तिनं मशीन बंद केलं. म्हणाली, "पुढचं मला माहीत आहे." मग म्हणाली, घरात तो कधी मोठ्यानं बोलला नाही, मला वाटायचं याला आवाजच नाही.

मशीन मी तिथेच ठेवून आलो. कसं चालवायचं ते तिला दाखवलं, कुठे थांबवायचं ते दाखवावं लागलं नाही.

पुढच्या आठवड्यात येतो. मला तुझ्या वॉर्डातली ती नळी एकदा कानाला लावून बघायची आहे. तोवर सगळ्यांना जवळ घेऊन राहा, आणि मलाही त्यातच धर.

तुझा,
कानोबा